व्यवसाय कराची मुदत



आयकर हा केंद्राचा विषय होय. तथापि व्यवसाय व नोकरी यांवर कर बसविण्याची मुभा संविधानाच्या अनुच्छेद २७६ ने राज्यांना दिली आहे. त्याची वार्षिक कमाल मर्यादा १९८८ च्या साठाव्या घटनादुरुस्तीने २,५०० रुपये करण्यात आली. महाराष्ट्रात हा कर १९७५ पासून लागू आहे. रोजगार हमी योजनेसाठी निधी उभारणे, हा त्यामागील मूळ हेतू. नियमित पगार मिळविणाऱ्याने हाताला काम नसलेल्या मजुराचा भार अंशतः उचलावा, ही त्यातील दृष्टी.

कमाल दराने दरमहा २०० रुपये व फेब्रुवारीत ३०० रुपये वेतनातून कापले जातात. परंतु कपात म्हणजे भरणा नव्हे. कापलेली रक्कम संस्थेच्या तिजोरीत पडून राहिली, तर ती शासनाकडे पोहोचलेलीच नसते. कर कापला नाही, तरीही तो भरण्याची जबाबदारी मालकावरच राहते.

मोठी करदेयता असणाऱ्या मालकाने दरमहा महिनाअखेरपर्यंत, तर लहान करदेयता असणाऱ्याने वर्षातून एकदा ३१ मार्चपर्यंत कर भरून विवरणपत्र सादर करावयाचे असते. डॉक्टर, वकील, कंत्राटदार अशा स्वतंत्र व्यावसायिकांनी आपला कर ३० जूनपर्यंत भरावयाचा असतो. मुदत टळल्यास व्याज चढते व दंडही होऊ शकतो.

म्हणून खाजगी संस्थांतील शिक्षकांनी वेतनचिठ्ठीतील कपात पाहावी आणि संस्थाचालकांनी चलने जपून ठेवावीत. पंचायत सदस्यांनी गावातील व्यावसायिकांना या तारखांची वेळीच आठवण द्यावी. रक्कम लहान आहे; परंतु ती वेळेवर भरली, तरच तिचा हेतू सफल होतो.