विल्मा बान्कीचा आवाज



थोड्या वेळापूर्वी याच रंगमंचावर तुमच्या माईमच्या चमूने एक महापूर उभा केला. शब्द एकही नव्हता. तरी आई कुठल्या छपरावर उभी आहे आणि लेकरू कुठे वाहून चाललंय, हे अगदी मागच्या रांगेतल्यांनाही कळलं. सिनेमाची पहिली तीस-पस्तीस वर्षं याच बळावर चालली. त्या काळातली एक हंगेरियन नटी होती, विल्मा बान्की. आजचा वेळ तिच्यासाठी.

तिचं मूळ आडनाव कोन्चिच. हंगेरीतल्या नॉज्दोरोग गावात जन्मलेली ही मुलगी बुडापेस्टमध्ये वाढली आणि पहिलं महायुद्ध संपल्यावर सिनेमात आली. बुडापेस्ट, व्हिएन्ना, बर्लिन, जिथे काम मिळेल तिथे ती गेली. त्यात तिची भाषा कुठेच आड आली नाही, कारण मूकपटाला भाषा नव्हतीच. मधल्या पाट्या बदलल्या की तोच चित्रपट दुसऱ्या देशात लागायचा. फ्रेंच विनोदवीर मॅक्स लिंडर याच्या व्हिएन्नात झालेल्या शेवटच्या चित्रपटात नायिका तीच होती.

1925 साली सॅम्युअल गोल्डविन हा अमेरिकन निर्माता बुडापेस्टला आला आणि तिच्याशी करार करून गेला. इंग्रजीशी तिची जेमतेम ओळख होती. पण गोल्डविन तरी कुठला? वॉर्साचा! त्याच्या इंग्रजीतलं परकं वळणही कधी गेलं नाही.

हॉलिवूडमध्ये तिच्या पहिल्याच वर्षी 'द डार्क एंजल' आणि 'द ईगल' आले. एकात नायक रोनाल्ड कोलमन, दुसऱ्यात रुडॉल्फ व्हॅलेंटिनो. प्रसिद्धी खात्याने तिला 'हंगेरियन ऱ्हॅप्सडी' असं नाव दिलं. 1926 च्या 'द सन ऑफ द शेख'मध्ये ती पुन्हा व्हॅलेंटिनोसोबत होती. तो चित्रपट गाजत असतानाच, 23 ऑगस्टला, अवघ्या 31 व्या वर्षी व्हॅलेंटिनो गेला. त्याच वर्षीच्या 'द विनिंग ऑफ बार्बरा वर्थ'मध्ये कोलोरॅडो नदीचा बांध फुटतो आणि वाळवंटात वसवलेलं गाव पाण्याखाली जातं. एका दुय्यम भूमिकेत गॅरी कूपर नावाचा नवखा तरुण दिसतो. कोलमनबरोबर तिने एकूण पाच चित्रपट केले. प्रेमाच्या प्रसंगात तो इंग्रजी बोलायचा आणि ती हंगेरियन, असं सांगतात. पडद्यावर मात्र दोघांचे डोळे एकच भाषा बोलायचे.

जून 1927 मध्ये अभिनेता रॉड ला रॉक याच्याशी तिचं लग्न झालं. गोल्डविनने त्याचा मोठा सोहळा केला. त्यानंतर चार महिन्यांच्या आतच 'द जॅझ सिंगर' प्रदर्शित झाला आणि पडदा बोलू लागला.

गोल्डविनने तिच्या उच्चारांना शोभेल अशी गोष्ट शोधली. 'धिस इज हेवन'ची नायिका न्यूयॉर्कच्या उपाहारगृहात काम करणारी हंगेरियन मुलगी होती. पण चित्रपट मुळात मूकपट म्हणून बनला होता. संवादांचे तुकडे त्याला नंतर जोडले. 1929 च्या प्रेक्षकाला अर्धा बोलका चित्रपट नको होता. चित्रपट पडला, आणि खापर फुटलं ते तिच्या उच्चारांवर.

हा दोष तिचा होता, असं मानणं अन्यायाचं आहे. स्वीडनची ग्रेटा गार्बो हिचे उच्चारही परकेच होते. तिच्या स्टुडिओने 1930 पर्यंत थांबून तिला पहिला बोलपट दिला आणि तो गाजला. आपल्याकडे 'आलम आरा' हा पहिला बोलपट 14 मार्च 1931 ला आला, तेव्हा पुण्यात जन्मलेल्या सुलोचनेवर, म्हणजे रूबी मायर्सवर, हीच वेळ आली. मूकपटांची ही राणी हिंदुस्थानी बोलण्यात कच्ची होती. ती काही काळ थांबली, भाषा शिकली आणि बोलपटात परतली. 1973 चा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला मिळाला. भाषा अंगवळणी पडायला दिवस लागतात. परमुलखातून किंवा खेड्यातून शहरात आलेल्या कुणालाही हे सांगावं लागत नाही. विल्माला ते दिवस मिळाले नाहीत.

1930 साली 'अ लेडी टू लव्ह' हा पूर्ण बोलपट तिने केला, शिवाय त्याची जर्मन आवृत्तीही. 1932 मध्ये जर्मनीत बनलेल्या 'द रिबेल'च्या इंग्रजी आवृत्तीनंतर ती पडद्यावरून निघून गेली. पुढे रॉडबरोबर तिने जमीनजुमल्याचा व्यवसाय केला. 1969 मध्ये तो वारला, तोपर्यंत, म्हणजे बेचाळीस वर्षं, संसार टिकला. 18 मार्च 1991 ला लॉस एंजेलिसमध्ये ती गेली. ही बातमी जगाला कळायला वर्ष उलटावं लागलं.

'द डार्क एंजल'ची एकही प्रत उरलेली नाही. 'द ईगल' मात्र आहे. पुढच्या वर्षीच्या तालमी सुरू होण्याआधी माईमच्या चमूने तो जरूर पाहावा. त्यात मेजवानीच्या लांबच लांब टेबलावरून, मांडलेल्या ताटांमधून, कॅमेरा हळूहळू मागे सरकत जातो. तो प्रसंग पाहाच, पण नंतर चित्रपट पुन्हा पहिल्यापासून लावा आणि या वेळी नजर फक्त विल्मावर ठेवा.