शफीभाईंची मराठी
(शिरूर येथे दौंड-शिरूरच्या तरुणांसमोर केलेल्या भाषणातून)

दोस्तांनो, "मुसलमान असून मराठी किती छान बोलता!" हे तुम्ही शिरूरच्या बाजारात, दौंडच्या फलाटावर ऐकलंच असेल. कौतुकच असतं, पण टोचतं. म्हणून आज शफी इनामदारांबद्दल बोलतो.

जन्म १९४५, दापोली तालुक्यातलं पांगारी. मराठी, हिंदी, गुजराती अशा तिन्ही रंगभूमींवर ते वावरले. नट आणि दिग्दर्शकही. 'अर्धसत्य' (१९८३) मधला इन्स्पेक्टर हैदर अली आठवा. सिनेमा हिंदी, पण मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची आणि पटकथा तेंडुलकरांची. पुढच्याच वर्षी दूरदर्शनवर 'ये जो है जिंदगी' आली आणि तोच करडा चेहरा घरोघरचा रणजित झाला. विनोदी काम हलकं, असं आपल्याकडे मानतात. मला तर तेच अवघड वाटतं.

पत्नी भक्ती बर्वे, आपली 'फुलराणी'. १९९५ मध्ये 'हम दोनों' दिग्दर्शित केला. १३ मार्च १९९६ ला, पन्नाशीतच, ते गेले.

तुम्ही एकांकिका बसवताय म्हणे. मग घरातली दखनी पात्रांच्या तोंडी राहू द्या. अम्मीचं बोलणं पुस्तकी मराठीत कशाला बदलता? प्रेक्षकांना कळतं.