कोठींतला माल आणि कामाचा माल

लोहगडाच्या नारायण दरवाजापाशीं एक भुयार आहे. त्यांत पूर्वीं भात व नाचणी सांठवीत असत, असें सांगतात. शिवकालीन गडांवर अशा कोठारांचा हिशेब कारखानिसाकडे असे. दरवाजांच्या किल्ल्या मात्र हवालदाराच्या स्वाधीन असत. पुढें १७१५-१६ च्या सुमारास रामचंद्रपंत अमात्यांनीं आज्ञापत्र लिहिलें. दारूखाना राहत्या घरांजवळ नसावा, आणि दारू वरचेवर उन्हांत वाळवून पुन्हां बंदोबस्तानें ठेवावी, अशी ताकीद त्यांत आहे. वाळत घातलेली ती दारू गडावर होती खरी. परंतु त्याच घटकेस शत्रु चालून आला, तर ती तोफेच्या उपयोगाची नव्हती. माल असणें आणि तो हाताशीं असणें या दोन निराळ्या गोष्टी आहेत. आजच्या कोठारव्यवस्थेंतही हाच भेद मुख्य आहे.

लोणावळ्यांतील एखाद्या चिक्कीच्या कारखान्याचें उदाहरण घेऊं. श्रावणांत त्याच्या कोठींत शेंगदाण्यांचीं १०० पोतीं आहेत, असें समजा. मालक तेवढा आंकडा पाहतो आणि पावसाळी प्रवाशांच्या गर्दीसाठीं माल पुरविण्याचें वचन देऊन बसतो. वस्तुतः त्यांतील ५५ पोतीं तपासून झालीं आहेत. ३५ कालच आलीं असून त्यांचे नमुने तपासणीस गेले आहेत. आणि १० पोत्यांना ओल लागून बुरशी धरली आहे. ओलसर शेंगदाण्यावर वाढणाऱ्या एका बुरशीपासून अफ्लाटॉक्सिन नांवाचें विष उत्पन्न होतें. तें यकृतास घातक असून भाजण्याच्या उष्णतेनेंही पुरतें नाहींसें होत नाहीं. तेव्हां ही चूक हिशेबाच्या वहींत न राहतां खाणाऱ्याच्या पोटांत जाते.

हें टाळण्यासाठींच संगणकावरील सामग्री-व्यवस्थेंत सांठ्याचे वर्ग पाडलेले असतात. सॅप या १९७२ सालीं स्थापन झालेल्या जर्मन कंपनीच्या प्रणालींत मुख्य वर्ग तीन आहेत. मुक्त सांठा केव्हांही कामास काढतां येतो. तपासणींतील सांठा मोजून हिशेबांत घेतलेला असतो. पण निकाल लागेपर्यंत त्यांतून नमुन्यापलीकडे कांहीं कामास देतां येत नाहीं. रोखलेला सांठा दोषामुळें अडवून ठेवलेला असतो. गृहिणी निवडलेले तांदूळ डब्यांत भरते, निवडावयाचे सुपांत ठेवते आणि किडलेले बाजूस काढते, तसाच हा प्रकार आहे. फरक इतकाच कीं, येथें पोतें जागचें न हलतां केवळ नोंदीनें त्याचा वर्ग बदलतो.

खरेदीची आंखणी करतांना ही प्रणाली सामान्यतः मुक्त व तपासणींतील, असे दोन्ही सांठे जमेस धरते. कारण तपासणींतील बहुतेक माल लवकरच मोकळा होईल, अशी अपेक्षा असते. रोखलेला माल ती सामान्यतः वगळते. म्हणजे कोठींत किती, असें विचारल्यास उत्तर १००. नवी खरेदी ठरवितांना ९०. आणि आज भट्टीवर किती चढवितां येतील, असें विचारल्यास ५५. तिन्ही उत्तरें खरीं आहेत. मात्र एका प्रश्नाचें उत्तर दुसऱ्यास लावलें कीं फसगत होते.

याखेरीज मालकीचाही प्रश्न असतो. व्यापाऱ्यानें आणून ठेवलेला आणि वापरल्यावरच विकत घेतला जाणारा माल आपल्या कोठींत असून आपला नसतो. उलट, बाहेर कामास दिलेला माल आपला असून कोठींत नसतो. त्यांच्या नोंदी निराळ्याच ठेवाव्या लागतात.

परंतु वर्ग पाडल्यानें काम संपत नाहीं. दुकानापुढें रांग लागली, मुक्त सांठा सरत आला, कीं तपासणींतील पोतीं मुक्त करून टाकण्याचा मोह होतो. आणि संगणकावर तें क्षणाचें काम आहे. म्हणून तो अधिकार माल मागणाऱ्याकडे नसून तपासणाऱ्याकडे असावा लागतो. गडावर हिशेब एकाकडे व किल्ल्या दुसऱ्याकडे असत, त्यांतही हीच सावधगिरी होती. चिक्कीच्या कारखान्यांत त्या ३५ पोत्यांचा निकाल येईपर्यंत गिऱ्हाइकास "आज इतकेंच मिळेल" असें सांगण्याचें धैर्य मालकानें दाखविलें, तरच त्या नोंदींचा उपयोग.