नांदूरच्या पाण्यात काय जगते?

(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



निफाड तालुक्यात गोदावरी आणि कादवा मिळतात तिथे नांदूर मध्यमेश्वरचा बंधारा आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इंग्रज सरकारने तो बांधला, तो काही पक्ष्यांसाठी नव्हे. वरून सोडलेले पाणी इथे अडवायचे आणि डाव्या-उजव्या कालव्यांनी कोपरगाव-राहात्याच्या शेतांना द्यायचे, एवढाच हिशोब.

नदीने मात्र आपला वेगळा हिशोब मांडला. पुराचा गाळ बंधाऱ्यामागे साचला. पाणी उथळ झाले, बेटे वर आली, पाणगवत माजले. गवतात किडे आणि गोगलगायी, त्यांच्यावर मासे, माशांवर पक्षी. थंडीत हिमालय ओलांडून हंस येतात. 1986 साली अभयारण्य जाहीर झाले. पाणथळ जागांच्या जागतिक रामसर यादीत महाराष्ट्राचे पहिले नाव लागले ते याच जागेचे. तिथे 536 जातींच्या जिवांची नोंद आहे. त्यांत देवळालीचे नाव लावणारा, नामशेष व्हायला टेकलेला एक छोटा मासाही आहे. देवळालीचे नाव जगाच्या कागदावर माशाने नेले, पुढाऱ्याने नाही!

आता या पाण्यावर काय चालले आहे ते बघा. नाशिक शहर गंगापूर धरणातून स्वच्छ पाणी घेते आणि सांडपाणी नदीला देते. त्या सांडपाण्यात नत्र आणि स्फुरद असते, पिकाला आपण घालतो तेच. शेतातून वाहून येणारे खतही त्यात मिळते. त्यावर पाणवेली पोसतात. पाण्यावर हिरवी गोधडी पसरली की ऊन आत जात नाही, खालची वनस्पती मरते. वेली कुजताना पाण्यातला प्राणवायू खातात, आणि मासा पाण्यात असूनही गुदमरतो. भोयाचे जाळे रिकामे, पक्ष्याची चोच रिकामी. कुजलेल्या वेली तळाशी बसून गाळात भर घालतात, ते वेगळेच.

पुरात याच वेली सायखेड्याच्या पुलाला अडकतात आणि पाणी तुंबते. सायखेडा-चांदोरीच्या लोकांनी 2016 आणि 2019 सालचे पूर पाहिले आहेत, त्यांना हे सांगायला नको. पाणबुड्या मोटारीच्या जाळीत वेल गुंतली की काय होते, तेही तुम्हाला ठाऊक आहे. म्हणून मासा आणि शेतकरी यांचे भांडण लावू पाहणाऱ्यांना आम्ही विचारतो: दोघांचा गळा एकाच वेलीने आवळला असताना भांडायचे कोणाशी? अभयारण्याचे नियम काठावरच्या गावांना आणि घाण वरून, हा कुठला न्याय?

2027 च्या सिंहस्थासाठी रामकुंड धुतले जाईल, घाट चकाचक होतील. आमचे म्हणणे रामकुंडाच्या खालच्या नदीबद्दल आहे. शहराचे सांडपाणी शुद्ध झाल्याशिवाय पात्रात सोडू नये. सायखेडा आणि नांदूर येथे पाण्यातला प्राणवायू दरमहा मोजून आकडा ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावावा. पाणवेली पावसाळ्याआधी, वरच्या अंगालाच काढाव्यात. पुलाला लागल्यावर यंत्रे आणून फोटो काढू नयेत. या तीन मागण्यांचा ठराव काठावरच्या प्रत्येक गावाने येत्या ग्रामसभेत करावा आणि त्याची प्रत जिल्हाधिकाऱ्यांना द्यावी.