पोराचा खेळ, आईचा फोन

"पोरगं फोनवर एकटंच बडबडतं," अशी तक्रार परवा गटाच्या बैठकीत निघाली. अगं, ते एकटं नसतं! त्याचा खेळ यूट्यूबवर लाइव्ह चालू असतो, आणि फोनची अख्खी स्क्रीन अनोळखी माणसं बघत असतात. फोन बहुधा आपलाच. मधेच बँकेचा ओटीपी आला, तर तोही त्यांना दिसू शकतो. माइक चालू असला, की चुलीपाशी हप्त्याबद्दल बोललेलंही ऐकू जातं. म्हणून आधी नोटिफिकेशन बंद करायला लावा. २०२५पासून यूट्यूबवर १६ वर्षांखालच्या मुलाला एकट्यानं लाइव्ह करता येत नाही, सोबत मोठं माणूस दिसावं लागतं. तेव्हा बसा शेजारी. खेळतात छान हो, मीही बघत बसते. पण गटाचं खातं ज्या नंबरला जोडलंय, तो फोन मात्र त्याला देऊ नका.