तळ्यातले राखणदार सांभाळा



ढोकीचा, तेरणेच्या काठचा आपला भाग कमी पावसाचा. म्हणून पाणी साठवल्याशिवाय आपलं भागत नाही. पण शेततळं असो, हौद असो की रांजण, पाणी थांबलं की डास आलाच. उन्हाळी हवेत अंड्यापासून उडता डास तयार व्हायला ७ ते १० दिवस पुरतात. हिवतापाचा जंतू डासाच्या पोटात वाढतो, हे रोनाल्ड रॉस यांनी १८९७ साली हैदराबाद संस्थानातल्या सिकंदराबादला पाहिलं. आपला मुलूखही तेव्हा त्याच संस्थानात होता.

मग तळ्यात औषध ओतावं का? थांबा. आधी तळ्यात कोण राहतं ते पाहा.

तळ्यावर भिरभिरणारा चतुर आपण सगळ्यांनी पाहिलेला आहे. तो उडता उडता डास पकडतो. पण मोठं काम करतं ते त्याचं पाण्यातलं पिल्लू. मातकट रंगाचं हे पिल्लू तळाशी दबा धरून बसतं. त्याचा खालचा ओठ घडी घातलेल्या हातासारखा असतो. डासाची अळी जवळ आली की तो झटकन पुढे येतो आणि अळी गट्ट! पाठीवर उलटे पोहणारे किडे आणि पाणभुंगेही या अळ्या खातात.

आता हिशेब करा. फवारणीचा पंप तळ्यात धुतला, की डासाच्या अळ्यांबरोबर हे राखणदारही मरतात. डास आठवड्यात परत येतो. चतुराचं पिल्लू वाढायला मात्र कित्येक आठवडे, काही जातींना तर महिने लागतात. म्हणजे चोर आधी परततो, राखणदार मागून येतो. म्हणून पंप पाण्यापासून लांब धुवा आणि ते पाणी फवारलेल्या रानातच टाका.

पूर्ण वाढलेलं पिल्लू गवताच्या काडीवर चढून कात टाकतं आणि चतुर होऊन उडतं. म्हणून काठावर थोडं गवत राहू द्या; दाट माजू मात्र देऊ नका, त्यात डासाच्या अळ्या लपतात. प्लास्टिकच्या तळ्याला काठ गुळगुळीत. तिथं काथ्याचे दोन-चार जाड दोर पाण्यात सोडून ठेवा.

हौदात आणि वापरात नसलेल्या विहिरीत गप्पी मासे सोडता येतात. आरोग्य कर्मचाऱ्याकडे चौकशी करा. पण हा मासा परदेशी आहे. नदीत, ओढ्यात सोडू नका, तिथल्या देशी माशांना तो त्रासदायक ठरतो.

एक गोष्ट मात्र चतुराच्या हातात नाही. डेंग्यूचा डास घरच्या रांजणात, टाकीत, टाकून दिलेल्या टायरात वाढतो. तिथं राखणदार आपणच. आठवड्यातून एक दिवस भांडी रिकामी करा, आतून घासा, कोरडी होऊ द्या, मगच भरा. मोठ्या टाकीला घट्ट झाकण लावा.

आपलं तळं कसं आहे हे पाहायचं असेल, तर काठचं पाणी पांढऱ्या वाडग्यात घ्या. नुसत्याच वळवळणाऱ्या अळ्या दिसल्या, तर राखणदार कमी पडलेत असं समजा. आणि घरात कुणाला थंडी वाजून ताप आला, तर वाट न पाहता आरोग्य केंद्रात रक्त तपासून घ्या.