खाड्याचं गणित

आज पदवी घेणाऱ्या मुलामुलींनो,

प्राचार्यांनी मला विषय दिला आहे ‘विज्ञान, समाज आणि लोकसंस्कृती यांवरची पुस्तकं’. विषय भारदस्त आहे. आभाळ भरून आलंय, पाऊस यावा असं इथल्या प्रत्येकालाच वाटतंय, तरी त्याने अर्धा तास कळ काढावी. मी फार लांबून सुरुवात करत नाही. आपण अंबाजोगाईत बसलोय, तेव्हा इथूनच करते.

या गावात दासोपंतांची पासोडी आहे. तुमच्यापैकी किती जणांनी ती पाहिली आहे, असं विचारणार होते. पण हात वर करू नका, उगाच कुणाची पंचाईत व्हायला नको. सुमारे ४० फूट लांब आणि ४ फूट रुंद असं जाड कापड आणि त्यावर शाईने लिहिलेलं ‘पंचीकरण’. पाच महाभूतं एकमेकांत कशी मिसळतात, त्यातून देह कसा घडतो, सृष्टी कशी घडते, याचा उलगडा. दासोपंतांचा काळ १५५१ ते १६१५. ते रोज एका ढब्बू पैशाची शाई संपवत, अशी आख्यायिका आहे, आणि त्यांच्या लिखाणाचा पसारा पाहिला की ती खोटी वाटत नाही. मला या पासोडीचं अप्रूप वाटतं ते तिच्या मांडणीमुळे. पोथीसारख्या ओळीखाली ओळ असं ते लिखाण नाही. आकृत्या काढून त्यांच्या आधाराने ओव्या बसवल्या आहेत. कशातून काय निघालं हे वाचणाऱ्याला डोळ्यांनी दिसावं म्हणून. आतला मजकूर वेदान्ताचा आहे, त्याला आजच्या अर्थाने विज्ञान म्हणण्याचा उत्साह मी करणार नाही. तो उत्साह हल्ली बाजारात भरपूर मिळतो. पण अवघड विषय साध्या माणसाला कळायचा तर कागद पुरणार नाही, कापडच पसरावं लागेल, असा विचार करणारा लेखक या गल्ल्यांतून हिंडला आहे. त्याच्याही आधी मुकुंदराजांनी इथेच ‘विवेकसिंधु’ रचला असं परंपरा सांगते. सालाबद्दल अभ्यासकांत वाद आहेत, ते त्यांना घालू द्यावेत.

भास्कराचार्यांवर तर तीन गावांचा दावा आहे. आपलं गाव विज्जडविड असं ते सांगतात. ते म्हणजे बीड असं म्हणणारे आहेत, चाळीसगावाजवळच्या पाटणचा शिलालेख पुढे करणारे आहेत, विजापूरवालेही आहेत. जन्म १११४ चा, ‘लीलावती’ ११५० ची. आपलेच म्हणून मिरवणूक काढण्याआधी ते पुस्तक उघडून बघा. त्यात भुंग्यांचा थवा फुलांवर जातो आणि किती भुंगे मागे राहिले ते विचारलं आहे. वाऱ्याने मोडलेला वेळू आहे. बिळाकडे धावणारा साप आणि खांबावरून झडप घालणारा मोर आहे. शिकणाऱ्याच्या आजूबाजूला जे होतं तेच गणितात आलं आहे. १५८७ मध्ये अकबराच्या दरबारी फैजीने त्याचं फारसी भाषांतर केलं, ते काय उगाच?

आता आपल्या आजूबाजूला काय आहे ते घेऊ आणि एक उदाहरण सोडवू. वाणिज्य शाखेच्या मुलांनी मनातल्या मनात करायला हरकत नाही.

एका कोयत्याने, म्हणजे नवरा-बायकोच्या जोडीने, ऊसतोडीच्या मुकादमाकडून एक लाखाची उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, घेतली. समजा टनाला साडेतीनशे रुपये दर आहे आणि जोडी दिवसाला दोन टन ऊस तोडते. म्हणजे दिवसाचे सातशे. हंगाम दीडशे दिवसांचा. एकही सुट्टी न घेता राबले तर एक लाख पाच हजारांचं काम होतं. उचल फिटते आणि हाती पाच हजार उरतात. फडावर खाण्यापिण्याचा, दुखण्याखुपण्याचा खर्च मी धरलेलाच नाही. आता यात बाईचे खाडे, म्हणजे कामावर न गेलेले दिवस, घाला. एकाने ऊस तोडायचा, दुसऱ्याने मोळ्या बांधून डोक्यावरून गाडीत भरायच्या. बाई कोपीत पडून राहिली की गड्याचंही अडतं. त्या दिवसाची मजुरी गेली, वर पाचशेचा खाडा. महिन्याला दोनच खाडे धरा, पाच महिन्यांचे दहा. काम झालं एकशे चाळीस दिवस, अठ्ठ्याण्णव हजारांचं. त्यातून खाड्याचे पाच हजार वजा. राहिले त्र्याण्णव हजार. सात हजार अंगावर फिरले, आणि तेवढ्यासाठी पुढच्या वर्षी त्याच मुकादमाची गाडी धरायची. दहा दिवसांनी बारा हजारांचा फरक पाडला.

महिन्याचे दोन दिवस म्हणजे कोणते, हे इथे बसलेल्या मुलींना सांगायला नको. आकडे मी सोयीसाठी गोल घेतले आहेत. पण हे गणित आपल्या बायकांनी फडावर बसून तोंडी सोडवलं, आणि उत्तर म्हणून पिशवी काढून टाकली. २०१९ मध्ये सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. बीड जिल्ह्यातल्या ८२,३०९ ऊसतोड बायकांची पाहणी झाली. त्यांतल्या १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली निघाली. म्हणजे शंभरात सतरा. त्याच सुमाराच्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशाचं प्रमाण शंभरात तीनच्या आसपास होतं. तेव्हा दिल्ली-मुंबईहून पत्रकार आले, परदेशातूनही आले. बातम्या छापून आल्या, त्यांतल्या काही फार चांगल्या होत्या. मग सगळे गेले.

पुस्तकाची गरज लागते ती इथे. तीस-पस्तिशीच्या बाईची पिशवी आणि सोबत अंडाशयंही काढली तर पाळी जाते एवढंच होत नाही. हाडं लवकर ठिसूळ होतात, अंगातून वाफा निघतात, झोप उडते, हृदयाचा धोका वाढतो. हे तिला ऑपरेशनच्या आधी सांगणारी, ‘पिशवी’ हाच शब्द वापरणारी, फडावर मोठ्याने वाचून दाखवता येईल अशी चाळीस पानांची मराठी पुस्तिका जिल्ह्यातल्या गावोगावी असायला हवी होती. ती लिहायला जीवशास्त्र लागतं, उचलीचा हिशोब लागतो आणि बायका आपसात कशा बोलतात ते ठाऊक असावं लागतं. विज्ञान, समाज, लोकसंस्कृती असे तीन कप्पे ग्रंथालयाच्या कपाटाला शोभतात. फडावरच्या बाईकडे ते एकत्रच येतात.

परक्या भाषेत शिकल्यामुळे हे जमत नाही, असं कुणी म्हणेल. त्यावर आपल्याच इतिहासातली एक गोष्ट सांगते, ती फारशी सांगितली जात नाही. बीड निजामाच्या राज्यात होतं. १९१८ मध्ये हैदराबादला उस्मानिया विद्यापीठ निघालं आणि त्यात पदार्थविज्ञानापासून वैद्यकापर्यंत सगळं उर्दूतून शिकवलं जाई. त्यासाठी भाषांतराचं स्वतंत्र खातं होतं, पारिभाषिक शब्द तिथे घडवले जात. देशी भाषेत वरपर्यंतचं विज्ञान चालतं, हे या राज्याने शंभर वर्षांपूर्वी करून दाखवलं. फक्त ती भाषा दरबाराची होती, बीडच्या शेतकऱ्याची नव्हती. मराठी शाळेसाठी लोकांना झगडावं लागलं. स्वामी रामानंद तीर्थांनी याच गावात शाळा चालवली, त्यामागे तेच होतं. १९४८ ला आपण मोकळे झालो. भाषा मिळाली. पुस्तकं मात्र पुण्यामुंबईहून येतील म्हणून आपण स्टँडवर वाट बघत बसलो.

आली नाहीत असंही नाही. जयंत नारळीकरांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला ‘कृष्णविवर’ ही गोष्ट पाठवली, ती नारायण विनायक जगताप या नावाने. स्वतःची आद्याक्षरं उलटी करून घेतलेलं नाव. केंब्रिजहून आलेला खगोलशास्त्रज्ञ म्हणून बक्षीस मिळू नये, गोष्ट म्हणून मिळावं, एवढाच हेतू. मिळालं. अनिल अवचट निपाणीला गेले, तंबाखूच्या वखारींत बायका कशा राबतात ते बघून ‘अंधेरनगरी निपाणी’ लिहिलं. त्यांच्यापाशी वैद्यकाची पदवी होती, तरी लिहिताना वापरले ते डोळे आणि कान. ‘शिवाजी कोण होता?’ ही गोविंद पानसऱ्यांची पुस्तिका खिशात मावते, किंमत चहा-भज्यांएवढी, आणि १९८८ पासून ती हातोहात फिरते आहे. यांतल्या कुणी वाचकाला खाली वाकून शिकवलं नाही. मला हे फार महत्त्वाचं वाटतं. मराठीतली कितीतरी विज्ञानाची पुस्तकं मी चार पानांत मिटली आहेत, कारण लेखक माझ्या डोक्यावर हात ठेवून बोलत होता.

आता लोकसंस्कृती. हा शब्द उच्चारला की आपल्याकडे लगेच वासुदेव आणि गोंधळी आठवतात. ते आहेतच. पण या जिल्ह्याची आजची लोकसंस्कृती बघायची तर अखंड हरिनाम सप्ताहाला जा. भाकरी घराघरांतून येतात, आमटी कढईत उकळते आणि कीर्तनकारासमोर तीन-तीन मोबाइल स्टँडवर लावलेले असतात, कारण खरा श्रोता यूट्यूबवर आहे. तिथे कुठला विनोद चालतो, मुलींच्या कपड्यांवर टोमणा मारला की हशा का पिकतो, बिदागी कशी ठरते, लाख लोकांनी पाहिलं की अभंगाचं निरूपण कसं बदलतं? यावर पुस्तक हवं, आणि ते सप्ताहात भाकरी वाढलेल्या मुलानेच लिहावं. बाहेरचा येईल तो एक तर नमस्कार करेल नाही तर नाक मुरडेल.

किंवा लग्न घ्या. हळदीला डीजे, धबधब्यापुढे फोटोशूट, गेटवर पुढाऱ्यांचे फ्लेक्स. त्या खर्चाची धास्ती मुलगी पोटात असतानाच सुरू होते. २०११ च्या जनगणनेत शून्य ते सहा वयाच्या हजार मुलांमागे बीडमध्ये ८०७ मुली होत्या, राज्यात सर्वांत कमी. त्याच्या दहा वर्षं आधी ८९४ होत्या. त्या दशकात जिल्ह्यात सोनोग्राफीचं यंत्र आलं, रस्ता आला, मोबाइल आला. ते सगळं वापरलं आम्ही, तुमच्या आईवडिलांच्या पिढीने. आज लग्नाला मुली मिळत नाहीत म्हणून पारावर बसलेली तिशीतली पोरं तर त्या आकड्यातल्या मुलांच्याही आधी जन्मलेली आहेत. त्यांच्याशी बोलून लिहायला कुठल्या विद्यापीठाची परवानगी लागत नाही.

वाचतं कोण, असा प्रश्न मला प्रत्येक ठिकाणी विचारतात. आपल्या जिल्ह्यातल्या शरद तांदळे यांची ‘रावण : राजा राक्षसांचा’ ही कादंबरी ज्यांच्या हातात मी पाहिली, त्यांतल्या काहींनी शाळा सुटल्यावर पुस्तकाला हात लावलेला नव्हता. मला ती सगळी पटली असं नाही. पण मुलं वाचत नाहीत हे रडगाणं त्या दिवसापासून मी बंद केलं. पुस्तकांच्या दुकानात पुढच्या फळीवर तलाठी भरती, पोलीस भरती, चालू घडामोडी यांची थप्पी असते, तीही मुलंच घेतात. घ्या. नोकरी लागलीच पाहिजे, घरी तिकडे डोळे लागलेत. मात्र त्या गाइडात बीड जिल्ह्याबद्दल सीताफळाला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, अशी एक ओळ असते आणि चार पर्याय. बालाघाटाच्या माळावर, जिथे दुसरं काही टिकत नाही, तिथे सीताफळच का येतं, हे त्यात नसतं. ते तुमच्या चुलत्याला माहीत असतं, आणि त्याला कुणी विचारत नाही.

प्राचार्यांशी माझं बोलणं झालं आहे. ग्रंथालयात एक कपाट रिकामं करून ठेवलंय. त्यात या जिल्ह्यावर तुम्ही लिहिलेलं काहीही ठेवता येईल, वहीत लिहिलेलं असलं तरी चालेल, मराठी शुद्धलेखन मी तपासून देईन. पहिली वही मला उचलीची हवी आहे. मुकादमाच्या हिशोबात काय काय नोंदवतात, अंगठा कुठे घेतात, खाडा कसा मांडतात, फिटलेली उचल पुन्हा कशी उभी राहते, हे नावं न देता, पण रुपये-आण्यांसकट. ज्यांच्या घरचे कोयत्याला जातात त्यांना ही वही दिसते, मला कधी दिसणार नाही. घाई एवढ्याचसाठी की उचल वाटायचे दिवस हेच आहेत आणि मुकादम आत्ता गावात आहेत. दसरा झाला, गाड्या भरल्या, की ते फोनही उचलत नाहीत.